पाच टनांचा हिशोब : बार्शी लाईट रेल्वेचा इतिहास

कुर्डुवाडीच्या स्टेशनाचे जुने नाव ‘बार्शी रोड’. मुंबईहून निघालेला ग्रेट इंडियन पेनिन्सुला (जीआयपी) कंपनीचा लोहमार्ग १८६० साली सोलापूरला पोचला, पण बार्शी त्या मार्गापासून एकवीस मैल आत राहिली. रेल्वे गावाला आली नाही, म्हणून मग सर्वांत जवळच्या स्टेशनालाच गावाचे नाव मिळाले. यावरून बार्शीच्या पेठेचे वजन त्या काळी काय होते ते कळते.

पेठ मोठी होती आणि तिची जागाही मोक्याची होती. पूर्वेला बालाघाटाचा चढ आणि त्यापलीकडे निजामाचे राज्य. तिकडचा कापूस, जवस, करडई, ज्वारी असा सगळा माल बैलगाड्यांनी घाट उतरून बार्शीच्या आडत दुकानांत यायचा. इथे सौदा झाला की पुन्हा गाड्या भरायच्या आणि कुर्डुवाडीची वाट धरायची. उन्हाळ्यात धूळ, पावसाळ्यात चिखल. काळ्या रानातून भरली गाडी नेताना चाक कसे रुतते आणि बैलांचे काय हाल होतात, हे या भागातल्या कोणाला सांगायला नको. कापूस भिजला की भाव पडे; गाडी वाटेत अडली की मालाला पुढच्या आगगाडीची वाट पाहावी लागे. या एकवीस मैलांचा खर्च अखेर शेतकऱ्याच्याच भावातून वजा होत असे.

ही अडचण ज्याच्या मनात घर करून राहिली तो माणूस होता एव्हरार्ड रिचर्ड कॅल्थ्रॉप. १८५७ साली इंग्लंडमध्ये जन्मलेला हा इंजिनिअर रॉबर्ट स्टीफन्सनच्या कारखान्यातून कामाला सुरुवात करून १८८२ साली जीआयपी रेल्वेत लोकोमोटिव्ह इन्स्पेक्टर म्हणून आला. मुख्य मार्गाला माल आणून देणाऱ्या छोट्या, स्वस्त रेल्वे हा त्याचा ध्यास होता. कंपनीने त्यात रस घेतला नाही, तेव्हा त्याने नोकरी सोडली आणि अनेक वर्षे खटपट करून १८९५ साली लंडनमध्ये ‘बार्शी लाईट रेल्वे कंपनी’ उभी केली. एका तालुक्याच्या गावाचे नाव लंडनच्या कंपनीच्या दारावर लागले.

आता थोडे तंत्राविषयी, कारण बार्शी लाईटचे मोठेपण तिच्या तंत्रात आहे. आपल्याकडे ‘छोटी गाडी’ म्हटले की मोठ्या गाडीची गरिबाघरची आवृत्ती, असे चित्र डोळ्यांपुढे येते. बार्शी लाईटच्या बाबतीत ते साफ चूक आहे. कॅल्थ्रॉपचा प्रश्न असा होता : लोहमार्ग बांधताना रूळ किती जाड घ्यायचे, पूल किती भक्कम करायचे, हे कशावरून ठरते? गाडीतल्या सर्वांत जड अ‍ॅक्सलवरून. साध्या गाडीत हा जड अ‍ॅक्सल इंजिनाचा असतो. डब्यांचे अ‍ॅक्सल त्या मानाने पुष्कळच हलके. म्हणजे सगळा मार्ग एका इंजिनासाठी भक्कम करायचा आणि मागच्या डब्यांनी त्याची ताकद वापरायचीच नाही. यात पैसा वाया जातो. त्याने उत्तर काढले ते असे : इंजिन असो की मालाचा डबा, कोणत्याही अ‍ॅक्सलवर पाच टनांपेक्षा जास्त भार येता कामा नये, आणि मालाचा डबा भरला की त्याच्याही प्रत्येक अ‍ॅक्सलवर जवळजवळ पाच टनच आले पाहिजेत. मार्गाच्या ताकदीतला एक कणही रिकामा ठेवायचा नाही.

या एका नियमातून पुढचे सगळे ठरत गेले. रूळ यार्डाला फक्त तीस पौंड वजनाचे, म्हणजे मोठ्या मार्गांवरच्या रुळांच्या निम्म्याहूनही हलके. दोन रुळांमधले अंतर अडीच फूट. डबे मात्र चांगले पंचवीस फूट लांब आणि दोन बोग्यांवर बसवलेले. चार अ‍ॅक्सल, म्हणजे भरलेल्या डब्याचे वजन वीस टनांपर्यंत जाऊ शकत होते. डब्याचे स्वतःचे वजन कमी राहावे म्हणून त्याची चौकट पोलादी पत्रे दाबून घडवलेली. लीड्सच्या किटसन कंपनीने यासाठी पाच इंजिने बांधली. त्यांचा भार एकमेकांना जोडलेल्या चार अ‍ॅक्सलवर आणि मागच्या बोगीवर सारखा वाटलेला होता. हे सगळे सामान जहाजावर चढवण्याआधी लीड्सजवळ न्यूले इथे खास मार्ग टाकून रेल्वेच्या जाणकारांना चालवून दाखवण्यात आले. बार्शीच्या कापसासाठी बांधलेली गाडी आधी इंग्लंडात चालली, आणि मग सोलापूर जिल्ह्यात.

१८९७ साली बार्शी रोड ते बार्शी हा पहिला टप्पा सुरू झाला. जिल्ह्यासाठी ते वर्ष दुष्काळाचे होते. १८९६–९७ चा दुष्काळ सोलापूर भागाने फार सोसला. अशा वर्षात रेल्वे आली ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते. ज्या मुलखात पावसाचा भरवसा नाही, तिथे माल बाहेर जाण्याइतकेच धान्य आत येणेही मोलाचे असते, आणि एकवीस मैलांची चिखलवाट हे दोन्ही अडवून धरत होती.

कॅल्थ्रॉपची ही पद्धत पुढे जगभर अभ्यासली गेली. वेस्ट इंडीजमधल्या बार्बाडोसची रेल्वे अडीच फुटी करताना त्याचा सल्ला घेतला गेला. इंग्लंडात स्टॅफर्डशायरमध्ये १९०४ साली सुरू झालेली लीक अँड मॅनिफोल्ड व्हॅली रेल्वे ही तर बार्शी लाईटचीच धाकटी बहीण. तिचा इंजिनिअरही तोच. तिथल्या एका इंजिनाला त्याचेच नाव दिले होते. ती रेल्वे १९३४ साली, अवघ्या तीस वर्षांत बंद पडली. थोरली बहीण बार्शी लाईट त्यानंतरही सत्तर वर्षांहून अधिक काळ धावत राहिली. इंग्लंडातल्या रेल्वेप्रेमींनी त्या छोट्या मार्गावर पुस्तके लिहिली, त्याची प्रतिरूपे बनवली. आपण बार्शी लाईटवर त्या मानाने फारच थोडे लिहिले, याचे मला वाईट वाटते.

खुद्द कॅल्थ्रॉपविषयी एक गोष्ट सांगण्याजोगी आहे. त्याचा मित्र चार्ल्स रोल्स, रोल्स-रॉईस मोटारीतला रोल्स, १९१० साली विमान कोसळून गेला. त्या धक्क्यातून कॅल्थ्रॉप वैमानिकांसाठी पॅराशूट तयार करण्याच्या मागे लागला आणि त्याने ‘गार्डियन एंजल’ नावाचे पॅराशूट बनवले. घोड्यांवरही त्याचा फार जीव. अरबी घोडे पाळायचा, त्यांच्यावर त्याने पुस्तकही लिहिले. बैलगाडीच्या वाटेवर जनावरांचे हाल पाहणाऱ्या माणसाला रेल्वे सुचावी, यात नवल नाही.

बार्शीपर्यंतचा मार्ग चालला, तेव्हा कंपनीची नजर पंढरपूरकडे गेली. वारकरी आषाढी-कार्तिकीला पायी येतात, पण पायी येणाऱ्यांइतकेच न येऊ शकणारेही असतात. म्हातारी माणसे, लेकुरवाळ्या बाया, लांबच्या मुलखातले भाविक. १९०६ पूर्वी या मंडळींना आगगाडीने बार्शी रोडला उतरून पुढचे तीस-बत्तीस मैल गाडीने किंवा चालत काटावे लागत. १९०६ साली कुर्डुवाडी–पंढरपूर फाटा सुरू झाला आणि मोडनिंबवरून गाडी थेट पंढरीत जाऊ लागली.

या फाट्याने कंपनीचा स्वभावच बदलला. बार्शीकडचा मार्ग मालाचा, हंगामी; पंढरपूरकडचा माणसांचा आणि जत्रांचा. चार वाऱ्यांच्या दिवसांत गाडीत जागा म्हणून उरत नसे. डब्यात, दारात, टपावर सगळीकडे माणसे. टपावर बसलेल्यांच्या हातात टाळ, कोणाच्या खांद्यावर पताका, आणि कुर्डुवाडीच्या फलाटावर मुंबई-मद्रासकडच्या मोठ्या गाड्यांतून उतरलेल्यांची रीघ. बोचके डोक्यावर, पोर कडेवर, तुळस हातात अशा बाया छोट्या गाडीचा दांडा धरून वर चढायच्या आणि गाडी हलली की डब्याडब्यांतून ‘पुंडलिक वरदा’चा गजर उठायचा. टपावरचा प्रवास धोक्याचा होता, बेकायदेशीर होता, आणि वर्षानुवर्षे चालू होता. पंढरीची गाडी म्हणजे टपावरची माणसे, हे चित्र रुळांची रुंदी बदलेपर्यंत कायम राहिले.

पूर्वेकडेही मार्ग वाढत होता. १९०७ साली तो तडवळ्यापर्यंत गेला आणि १९११ साली लातूरला पोचला. बार्शीहून निघालेली गाडी पांगरीवरून येडशीच्या बाजूने बालाघाट चढे. रामलिंगच्या झाडीतला तो चढ म्हणजे पाच टनांच्या हिशोबाची खरी परीक्षा होती. घाट चढून गेले की निजामाचा मुलूख : येडशी, कळंब रोड, ढोकी, मुरूड, हरंगूळ, लातूर. दोन राज्ये, दोन नाणी, दोन कायदे, आणि त्यांमधून जाणारी एकच अडीच फुटी वाट.

लातूरची बाजारपेठ म्हणून जी भरभराट झाली, तिच्यात या गाडीचा वाटा किती, याचा अंदाज तारखांवरून येतो. १९११ ला रेल्वे आली. १९१७ ला गंजगोलाईची इमारत उभी राहिली. सोळा रस्ते जिथे एकत्र येतात अशी आखीव बाजारपेठ कोणी उगीच बांधत नाही. माल येणार आणि माल जाणार याची खात्री झाल्यावरच ती बांधली जाते. तूरडाळ, तेलबिया, कापूस यांचे लातूर हे पुढे सगळ्या महाराष्ट्राला माहीत झाले. बार्शीतही कापडगिरण्या उभ्या राहिल्या. जयशंकर मिलचे नाव जुन्या बार्शीकरांच्या तोंडी आजही असते. भगवंताची बार्शी अशी जी गावाची ओळख, तिच्याशेजारी गिरणीच्या भोंग्याची आणि छोट्या गाडीच्या शिट्टीची बार्शी अशी दुसरी ओळख तयार झाली.

शेवटचा आणि सर्वांत लांब टप्पा पंढरपूर ते मिरज. सांगोला, जवळा, जत रोड, ढालगाव, कवठेमहांकाळ, सलगरे, बेळंकी, आरग अशा माणदेश-जतच्या कोरड्या पट्ट्यातून तो १९२७ साली मिरजेला पोचला. कॅल्थ्रॉप त्याच वर्षी वारला. आता बार्शी लाईट २०२ मैलांची झाली होती. मिरजेपासून लातूरपर्यंत, कृष्णेच्या खोऱ्यापासून मांजरेच्या खोऱ्यापर्यंत, एकाच कंपनीची सलग वाट. मिरजेला मीटरगेज होतेच. पुढे १९७१ साली पुण्याकडून ब्रॉडगेज आले आणि मग एकाच स्टेशनात तीन रुंदीचे रूळ शेजारी शेजारी दिसू लागले.

मिरजेच्या टप्प्याला मी फार मानतो. कापूस आणि जत्रा यांच्यासाठी रेल्वे बांधणे समजते. पण जत-सांगोल्याच्या माळावरच्या स्टेशनांवरून रोज काय जाणार होते? मेंढरांची लोकर, थोडी ज्वारी, शेंगा, आणि माणसे. मिरजेच्या मिशन दवाखान्याकडे निघालेले आजारी, शिकायला निघालेली पोरे, दुष्काळात कृष्णाकाठी कामाला निघालेली कुटुंबे. रस्ते नव्हते तिथे ही गाडी रस्ता झाली.

विदर्भातल्या शकुंतला रेल्वेचा मार्ग ज्या कंपनीच्या मालकीचा होता, तिने तो चालवायला जीआयपीकडे दिला होता. बार्शी लाईटचे तसे नव्हते. इंजिने तिची, गार्ड-ड्रायव्हर तिचे, कारखाना कुर्डुवाडीला तिचा. कुर्डुवाडी हे गाव म्हणून वाढले ते या कारखान्याभोवती आणि दोन गाड्यांच्या सांध्याभोवती. फिटर, बॉयलरवाले, सुतार, फायरमन, पॉइंट्समन अशा कामगारांच्या पिढ्या इथे घडल्या.

आणि हमालांच्या. दोन वेगवेगळ्या रुंदीचे रूळ एकत्र आले की डबा पुढे जात नाही, माल जातो. बार्शीची गाठ कुर्डुवाडीला छोट्या डब्यातून उतरवायची आणि मोठ्या वाघिणीत चढवायची. जिनिंग-प्रेसिंगमध्ये लोखंडी पट्ट्यांनी आवळलेली कापसाची गाठ वजनाला भारी आणि धरायला आडमुठी. हमाल तिच्या दोन कोपऱ्यांत आकडे रोवायचे, एकाच्या हाकेवर दोघे-तिघे जोर लावायचे, गाठ कडेवर उभी करून फळीवरून लोटत न्यायची. पोत्यांचे काम त्या मानाने सोपे. पाठीवर घेतले की झाले. गाठीला हुकूम लागतो आणि ठेका लागतो. सगळ्या बार्शी लाईटचा माल या माणसांच्या हातांतून जायचा. कॅल्थ्रॉपने अ‍ॅक्सलवरचा भार सारखा वाटला, पण रुंदी बदलते तिथला भार कोणाच्या अंगावर पडणार, हे त्याच्या गणितात धरलेले नव्हते. माझ्या मते या रेल्वेच्या मरणाचे बी त्या फलाटावरच पडले होते.

स्वातंत्र्याच्या सुमारास निजामाच्या हद्दीत रझाकारांचा जाच वाढला, तेव्हा पलीकडची कितीतरी कुटुंबे बार्शीत आश्रयाला आली. हैदराबाद मुक्तिसंग्रामातल्या कार्यकर्त्यांची सरहद्दीवरची केंद्रे या भागात होती. सप्टेंबर १९४८ मध्ये हैदराबाद संस्थान विलीन झाले आणि बार्शी लाईटच्या वाटेतली ती सरहद्द पुसली गेली.

१ जानेवारी १९५४ ला भारत सरकारने कंपनी विकत घेतली आणि मार्ग मध्य रेल्वेत सामील झाला. कागदोपत्री बार्शी लाईट रेल्वे संपली ती त्या दिवशी. लोकांच्या बोलण्यात मात्र ‘बार्शी लाईट’ तशीच राहिली. आजही जुनी माणसे कुर्डुवाडीच्या मार्गाला याच नावाने ओळखतात.

सरकारी झाल्यावर गाडी चालू राहिली, पण तिच्याभोवतीचे जग बदलत गेले. १९४८ साली सुरू झालेली एसटी गावोगाव पोचली. पंढरपूरला जायला पुण्याहून, नगरहून थेट गाड्या मिळू लागल्या. कापसाची गाठ आता दुकानातूनच ट्रकमध्ये चढे आणि थेट गिरणीच्या दारात उतरे. मधली कुर्डुवाडीची चढउतार वाचे. ट्रकला रुळांची रुंदी नसते. रेल्वेकडे मग उरले ते फक्त तिचेच भाडे परवडणारे प्रवासी, वारकरी आणि ज्यांच्या गावाला डांबरी रस्ता नव्हता ते लोक. वाफेची इंजिने जाऊन डिझेलची आली, वेग मात्र फारसा वाढला नाही. तीस पौंडी रुळांच्या हिशोबाने बांधलेल्या वळणांवर आणि चढांवर तो वाढणारही नव्हता.

सगळ्या देशात एकच रुंदी करण्याचे धोरण रेल्वेने १९९२ साली हाती घेतले, तेव्हा मिरज–लातूर मार्गाचे भवितव्य ठरले. काम टप्प्याटप्प्याने झाले : आधी कुर्डुवाडी–पंढरपूर, मग लातूरकडची बाजू, आणि सर्वांत शेवटी पंढरपूर–मिरज. लातूर–उस्मानाबाद हा रुंद मार्ग सप्टेंबर २००७ मध्ये आणि उस्मानाबाद–कुर्डुवाडी ऑक्टोबर २००८ मध्ये सुरू झाला. त्यात एक जुनी उणीव भरून निघाली. छोटी गाडी उस्मानाबादला, म्हणजे आताच्या धाराशिवला, कधीच शिवली नव्हती. जिल्ह्याचे ठिकाण असूनही तिथल्या माणसाला येडशीला येऊन गाडी धरावी लागे. नवा मार्ग वळवून त्या शहराला जोडला गेला. त्या शहराची ही जुनी मागणी रास्त होती आणि छोट्या गाडीच्या आठवणीत हरवून ती विसरू नये.

तरीही रुंदी बदलताना काही गोष्टी जपता आल्या असत्या. कुर्डुवाडी–बार्शी या पहिल्या टप्प्यातले चार-पाच मैल, रामलिंगचा घाट, पाच टनांच्या हिशोबाने बांधलेला एखादा पूल, एखादी जुनी गाडी चालू स्थितीत. दार्जिलिंगची, निलगिरीची गाडी जागतिक वारशात गेली. तिथे डोंगराचे सौंदर्य होते, थंड हवा होती, प्रवासी होते. बार्शी लाईट ज्वारीच्या रानातून जात होती. तिच्या वाट्याला ते कौतुक आले नाही. पण लोहमार्ग कमी खर्चात कसा बांधावा याचा जगाला धडा देणारी रेल्वे म्हणून तिचा मान या दोघींच्या बरोबरीचा होता, हे मी ठामपणे म्हणेन. तीस पौंडी रुळाचा एक तुकडा जरी कुर्डुवाडीच्या फलाटावर माहितीफलकासह उभा केला, तरी येणाऱ्या-जाणाऱ्याला कळेल की आपण कुठे गाडी बदलतो आहोत.

कुर्डुवाडीचा कारखाना मात्र टिकला. नेरळ–माथेरान गाडीचे डबे इथे बांधले जातात. अरुंद रुळांवरचे डबे घडवण्याची जाण या गावाच्या हातांत अजून आहे.

आणि मार्ग टिकला. २०१६ च्या उन्हाळ्यात लातूरचे पाणी आटले. शहराला टँकर पुरेनात. तेव्हा कृष्णेचे पाणी मिरजेत वाघिणींत भरून रेल्वेने लातूरला न्यायचे ठरले. ११ एप्रिलला पहिली गाडी मिरजेहून निघाली, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी करत १२ एप्रिलला पहाटे लातूरला पोचली. दहा वाघिणी, सुमारे पाच लाख लिटर पाणी. पुढे पन्नास वाघिणींची गाडी एका खेपेला पंचवीस लाख लिटर आणू लागली आणि पावसाळा लागून परिस्थिती सावरेपर्यंत त्या खेपा चालल्या. एका वाघिणीत पन्नास टनांच्या घरात नुसते पाणी. अडीच फुटी रुळांना हा भार कधीच पेलला नसता, रुंद मार्गच हवा होता. पण मिरज आणि लातूर यांना जोडणारी ती वाट १८९७ ते १९२७ या तीस वर्षांत, एकेक फाटा जोडत, बार्शीच्या कापसापासून सुरुवात करून, बार्शी लाईट कंपनीने आखलेली होती.